पोलीस संरक्षण, न्यायालयीन आदेशान्वये

कायद्याने आवश्यक असलेला परवाना मिळवून चालविल्या जाणाऱ्या व्यवसायाला तिऱ्हाइतांकडून अडथळा होत असेल आणि तो दूर करण्यात पोलीस हयगय करीत असतील, तर त्या व्यवसायास पुरेसे संरक्षण द्यावे, असा न्यायालयाने पोलीस अधिकाऱ्यांना दिलेला आदेश. भारतात असा आदेश प्रामुख्याने संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालये देतात. तो महादेश अथवा मँडॅमस या नावाने ओळखल्या जाणाऱ्या प्राधिलेखाच्या स्वरूपाचा असतो, म्हणजेच सार्वजनिक अधिकाऱ्याने आपले कायदेशीर कर्तव्य पार पाडावे, एवढेच त्यात फर्माविलेले असते. अर्जदाराला त्यामुळे नवा हक्क प्राप्त होत नाही. जो हक्क त्याला आधीच आहे, त्याच्या आड येणाऱ्या बेकायदेशीर बळाला पोलिसांनी पायबंद घालावा, इतकाच त्याचा आशय असतो. ही मर्यादा ध्यानात न घेतल्यामुळे असे आदेश मागणारे आणि त्यांना विरोध करणारे, दोघांचाही पुष्कळदा गैरसमज होतो.

परवान्याचे स्वरूप : मद्याचे दुकान, दगडाची खाण, स्फोटकांचे कोठार, चित्रपटगृह, प्रवासी बस, कारखाना इ. व्यवसाय शासनाच्या अथवा स्थानिक संस्थेच्या परवान्यावाचून चालविता येत नाहीत. परवाना देणे म्हणजे कायद्याने घातलेली मनाई त्या व्यक्तीपुरती व ठराविक अटींवर शिथिल करणे होय. शासन आणि परवानाधारक यांच्यामधील ही गोष्ट आहे. परवान्याने शेजाऱ्याच्या जमिनीतून गाड्या नेण्याचा हक्क मिळत नाही, भागीदारांमधील तंटा मिटत नाही किंवा कामगारांच्या वेतनाचा प्रश्न सुटत नाही. उलट, परवाना वैध असेपर्यंत केवळ आपल्याला तो व्यवसाय नको आहे, म्हणून कोणालाही तो बळाने बंद पाडता येत नाही. परवाना चुकीने दिला गेला असे ज्यांना वाटते, त्यांना त्या त्या अधिनियमाखालील अपील, उच्च न्यायालयातील याचिका किंवा पर्यावरणाचा प्रश्न असल्यास २०१० च्या अधिनियमाने स्थापन झालेले राष्ट्रीय हरित न्यायाधिकरण, हे मार्ग मोकळे असतात.

संविधानाच्या अनुच्छेद १९(१)(छ) प्रमाणे प्रत्येक नागरिकाला कोणताही पेशा, व्यवसाय, व्यापार वा धंदा करण्याचा मूलभूत हक्क असून सार्वजनिक हितासाठी त्यावर वाजवी निर्बंध घालता येतात. मद्याचा व्यापार मात्र या हक्कात मोडत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने खोडे डिस्टिलरीज प्रकरणात (१९९४) स्पष्ट केले. तरीही परवानाधारक मद्यविक्रेत्याच्या दुकानावर जमावाने हल्ला केल्यास पोलिसांना हातावर हात ठेवून बसता येत नाही. कारण तेथे प्रश्न मूलभूत हक्काचा नसून गुन्हा रोखण्याचा असतो. मूलभूत हक्क सामान्यतः शासनाविरुद्ध असतात, खाजगी व्यक्तींविरुद्ध नसतात, हा या क्षेत्रातील जुना आक्षेप होय. तो टाळण्यासाठी न्यायालये आदेश देतात तो अडथळा करणाऱ्यांना नव्हे, तर पोलिसांना. अनुच्छेद १९ व २१ खालील हक्क खाजगी व्यक्तींविरुद्धही बजाविता येतात, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायाधीशांच्या पीठाने बहुमताने जानेवारी २०२३ मध्ये कौशल किशोर प्रकरणात दिल्यानंतर हा आक्षेप बराच सौम्य झाला आहे.

पोलिसांचे कर्तव्य : १८६१ च्या पोलीस अधिनियमाच्या कलम २३ ने गुन्हे व सार्वजनिक उपद्रव रोखणे हे प्रत्येक पोलीस अधिकाऱ्याचे कर्तव्य ठरविले. पुढे राज्यांनी केलेल्या अधिनियमांतही, उदा., १९५१ चा महाराष्ट्र पोलीस अधिनियम (कलम ६४) आणि २०११ चा केरळ पोलीस अधिनियम यांत, तशाच तरतुदी आहेत. १ जुलै २०२४ पासून अंमलात आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचे कलम १६८ दखलपात्र गुन्हा घडू नये म्हणून पोलिसांना मध्ये पडण्याचा अधिकार देते. पूर्वीच्या फौजदारी प्रक्रिया संहितेत हीच तरतूद कलम १४९ मध्ये होती. दुसऱ्याची वाट अन्यायाने अडविणे, त्याला कोंडून ठेवणे, त्याच्या आवारात घुसणे, धाकदपटशाने पैसे उकळणे ही सारी कृत्ये गुन्हे आहेत. तेव्हा व्यवसायाच्या दाराशी मालमोटार अडविणाऱ्याला दूर करण्यास पोलिसांना न्यायालयाच्या आदेशाची मुळात गरजच नसते. तरीही असे आदेश वारंवार मागावे लागतात. याचे कारण कायद्याच्या उणिवेत नसून पोलिसांवरील स्थानिक दडपणात शोधावे लागते. राजकीय पक्ष, कामगार संघटना किंवा बहुसंख्य ग्रामस्थ एका बाजूला आणि एकटा व्यावसायिक दुसऱ्या बाजूला असला, की ठाण्याचा अधिकारी ‘हा दिवाणी स्वरूपाचा वाद आहे’ असा शेरा मारून मोकळा होतो. न्यायालयाचा आदेश त्याला कर्तव्याची आठवण करून देतो, त्याचबरोबर कर्तव्य बजावण्यासाठी एक आडोसाही देतो, ही त्याची व्यवहारातील उपयुक्तता आहे.

शांतताभंगाच्या भीतीने वैध कृत्य करणाऱ्यालाच थांबविण्याचा सोपा मार्ग दंडाधिकारी व पोलीस अनेकदा पतकरतात. या प्रवृत्तीला विरोध करणारे तत्त्व इंग्लंडमध्ये १८८२ च्या बीटी विरुद्ध गिलबँक्स या खटल्यात मांडले गेले. वेस्टन-सुपर-मेअर या गावी साल्व्हेशन आर्मीच्या मिरवणुकांवर ‘स्केलेटन आर्मी’ नावाचा विरोधी जमाव चालून येई. दंगल होईल हे ठाऊक असले, तरी दुसऱ्यांच्या बेकायदेशीर विरोधामुळे मूळचे कायदेशीर कृत्य बेकायदेशीर ठरत नाही, असा निर्णय न्यायालयाने दिला. भारताच्या सर्वोच्च न्यायालयानेही गुलाम अब्बास प्रकरणात (१९८१) दंडाधिकाऱ्याने आपले तातडीचे अधिकार शक्यतो ज्याचा हक्क प्रस्थापित आहे त्याच्या साहाय्यासाठी आणि आगळीक करणाऱ्याविरुद्ध वापरावेत, असे सांगितले. ते प्रकरण वाराणसीतील धार्मिक विधींचे होते. परंतु व्यवसायाच्या बाबतीतही हेच सूत्र लागू पडते.

घेराव प्रकरण : शासनानेच पोलिसांचे हात बांधल्याचे ठळक उदाहरण १९६७ साली पश्चिम बंगालमध्ये घडले. त्या वर्षी अधिकारावर आलेल्या संयुक्त आघाडी शासनात सुबोध बॅनर्जी हे कामगारमंत्री होते. मागण्या मान्य होईपर्यंत व्यवस्थापकांना कचेरीत कोंडून ठेवण्याचा ‘घेराव’ हा प्रकार त्या काळी बोकाळला. अन्नपाणी, वीज, दूरध्वनी तोडून त्यांना तासन्‌तास अडकवून ठेवल्याच्या तक्रारी न्यायालयापुढे आल्या. २७ मार्च १९६७ च्या शासकीय परिपत्रकाने, कारखान्यात घेराव झाल्यास पोलिसांनी हस्तक्षेप करण्यापूर्वी बाब कामगारमंत्र्यांकडे पाठवून त्यांचे निर्देश घ्यावेत, असे ठरविले. १२ जूनच्या दुसऱ्या परिपत्रकाने त्यात फेरफार केला, तरी मूळ अडचण कायम राहिली. जय इंजिनिअरिंग वर्क्स विरुद्ध पश्चिम बंगाल राज्य या प्रकरणात कलकत्ता उच्च न्यायालयाच्या विशेष न्यायपीठाने, मुख्य न्यायाधीश दीप नारायण सिन्हा यांच्या अध्यक्षतेखाली, ही दोन्ही परिपत्रके रद्द केली. घेराव या शब्दाला कायद्यात स्थान नसले, तरी त्यातील कोंडून ठेवणे, अडविणे, घुसणे ही कृत्ये गुन्हे आहेत. १९२६ च्या कामगार संघटना अधिनियमाने संघटनांना दिलेले संरक्षण गुन्ह्यांना लागू पडत नाही. आणि कायद्याने पोलिसांवर थेट टाकलेले कर्तव्य मंत्र्याच्या अनुमतीवर अवलंबून ठेवता येत नाही, असे न्यायालयाचे प्रतिपादन होते. संपाचा व शांततापूर्ण निदर्शनांचा कामगारांचा हक्क मात्र न्यायालयाने अबाधित मानला. पोलीस संरक्षणासंबंधीच्या नंतरच्या विचाराचा पाया बऱ्याच अंशी या निर्णयात आढळतो.

केरळमधील प्रथा : अशा याचिका सर्वच उच्च न्यायालयांत येतात, तथापि केरळ उच्च न्यायालयात ‘पोलीस संरक्षण’ ही याचिकांची एक स्वतंत्र वर्गवारीच रूढ झाली आहे. तेथील सामाजिक परिस्थितीत याची कारणे सापडतात. प्रबळ कामगार चळवळ, जागरूक ग्रामपंचायती, दाट लोकवस्ती आणि त्यामुळे खाण, ताडीचे दुकान किंवा मोबाईल मनोरा यांना घरे खेटून असणे, या सर्वांचा तो परिणाम आहे.

यांपैकी सर्वांत जुना व चिवट वाद मालाच्या चढउताराचा आहे. केरळमध्ये डोईवरून ओझी वाहणाऱ्या हमालांच्या संघटनांनी गावोगाव आपली क्षेत्रे वाटून घेतली होती. त्यांचे काम व वेतन यांचे नियमन करण्यासाठी १९७८ साली केरळ हेडलोड वर्कर्स अधिनियम करण्यात आला. १९८१ चे नियम व १९८३ ची योजना यांनी त्याला प्रत्यक्ष रूप दिले. नोंदणी, कल्याण मंडळ, वादांचा निर्णय करणारी यंत्रणा या त्याच्या जमेच्या बाजू होत. पिढ्यान्‌पिढ्या असंघटित राहिलेल्या अंगमेहनतीच्या कामगाराला त्यामुळे निश्चित मजुरी व वृद्धापकाळाचा काही आधार मिळाला, हे विसरता येत नाही. परंतु यंत्राने किंवा मालकाच्या स्वतःच्या नोकरांनी माल उतरविला, तरी नुसते उभे राहून मजुरी मागण्याची अपप्रवृत्तीही वाढली. तिला मलयाळम् भाषेत ‘नोक्कुकूली’, म्हणजे बघण्याची मजुरी, असे म्हणतात. ती न दिल्यास गाडी अडविली जाई आणि मग मालक पोलीस संरक्षणासाठी उच्च न्यायालयाकडे धाव घेई. न्यायालये अशा वेळी दोन गोष्टी पाहतात : संबंधित क्षेत्राला योजना लागू आहे काय आणि मालकाने नेमलेले कामगार नोंदणीकृत आहेत काय. योजना लागू असलेल्या क्षेत्रात मंडळाच्या कामगारांना डावलून बाहेरची माणसे आणण्यासाठी पोलिसांची मदत मागता येत नाही. न केलेल्या कामाची मजुरी मात्र कोणत्याही क्षेत्रात मागता येत नाही. राज्य शासनाने १ मे २०१८ पासून नोक्कुकूली बंद केल्याचे जाहीर केले, तरी तक्रारी थांबल्या नाहीत. सप्टेंबर २०२१ मध्ये तिरुवनंतपुरम्‌जवळील थुंबा येथे भारतीय अवकाश संशोधन संस्थेची अवजड यंत्रसामग्री नेणारे वाहन अडविले गेल्याने हा विषय देशभर गाजला. त्याच वर्षी एका पोलीस संरक्षण याचिकेच्या निमित्ताने उच्च न्यायालयाने ही प्रथा समूळ नष्ट करण्याची आणि तिच्याकडे खंडणीसारखा गुन्हा म्हणून पाहण्याची भूमिका घेतली.

बंद आणि हरताळ यांचाही या विषयाशी संबंध पोहोचतो. बंद पुकारणे व तो सक्तीने अंमलात आणणे घटनाबाह्य आहे, असा निर्णय केरळ उच्च न्यायालयाच्या पूर्ण न्यायपीठाने भरतकुमार प्रकरणात २८ जुलै १९९७ रोजी दिला व सर्वोच्च न्यायालयाने तो त्याच वर्षी उचलून धरला. बंद जाऊन त्याच्या जागी हरताळ हा शब्द आला. दुकाने मात्र पूर्वीप्रमाणेच बंद राहू लागली. व्यापारी संघटनांच्या याचिकांवर ७ जानेवारी २०१९ रोजी उच्च न्यायालयाने हरताळाची सात दिवस आधी सूचना दिली पाहिजे असा आदेश दिला. दुकान उघडे ठेवू इच्छिणाऱ्यास पोलीस संरक्षण मागण्यास तेवढा अवधी मिळावा, हा त्यामागील एक हेतू होता.

आदेशाच्या पूर्वअटी : अर्जदाराने प्रथम पोलिसांकडे लेखी तक्रार केलेली असावी आणि तिची योग्य दखल घेतली गेलेली नसावी. परवाने याचिकेच्या दिवशी अंमलात असावेत. एक परवाना असून दुसरा नसेल, तर सामान्यतः संरक्षण नाकारले जाते. अडथळा करणाऱ्या व्यक्तींना अथवा त्यांच्या संघटनेला प्रतिवादी करून त्यांचे म्हणणे मांडण्याची संधी द्यावी लागते. आदेशाची शब्दयोजना बहुधा सावध असते. ‘परवान्यानुसार चालणाऱ्या कामास प्रतिवादींनी अडथळा केल्यास पोलिसांनी पुरेसे संरक्षण द्यावे; पक्षकारांच्या हक्कांबाबत न्यायालयाने कोणतेही मत दिलेले नाही; शांततेने निषेध करण्यास प्रत्यवाय नाही’, अशा आशयाच्या वाक्यांनी अशा आदेशांचा शेवट होतो. परवान्याची मुदत संपली किंवा तो रद्द झाला, की आदेशाचा आधारही संपतो.

दगडखाणींच्या प्रकरणांत ही पूर्वअट विशेष कसोटीची ठरली. गौण खनिजांच्या छोट्या खाणपट्ट्यांनाही, म्हणजे पाच हेक्टरांहून कमी क्षेत्राच्या पट्ट्यांनाही, पर्यावरणविषयक पूर्वमंजुरी आवश्यक आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने दीपक कुमार प्रकरणात फेब्रुवारी २०१२ मध्ये ठरविले. त्यामुळे ग्रामपंचायतीचा व खनिज खात्याचा परवाना हाती असलेला खाणमालकही अपुरा परवानाधारक ठरू लागला. खाणीच्या वाटेवर बसलेले ग्रामस्थ कायदा हातात घेत होते हे खरे. पण त्यांनी उपस्थित केलेला मुद्दा अनेक ठिकाणी बरोबर होता, हेही तितकेच खरे आहे. मोबाईल मनोऱ्यांच्या बाबतीत याच्या उलट घडले. प्रारणांमुळे आरोग्यास अपाय होतो, या केवळ भीतीपोटी उभारणी थांबविता येणार नाही, असे मत केरळ उच्च न्यायालयाने २००६ साली व्यक्त केले आणि नंतरच्या संरक्षण याचिकांत त्याचा आधार घेतला गेला.

दिवाणी वाद आणि पोलीस संरक्षण : या उपायाचा दुरुपयोग होण्याचा धोका प्रारंभापासूनच आहे. जमिनीची मालकी, भाडेपट्ट्याची मुदत, भागीदारीचा वाटा असे वाद दिवाणी न्यायालयात वर्षानुवर्षे रेंगाळतात. त्याऐवजी ‘पोलीस संरक्षण’ मागून प्रत्यक्ष ताबा पदरात पाडून घेणे पक्षकारांना सोयीचे वाटते. पी. आर्. मुरलीधरन विरुद्ध स्वामी धर्मानंद तीर्थ पादर या केरळमधूनच आलेल्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००६ साली या प्रवृत्तीला आळा घातला. एका आश्रमाच्या प्रमुखपदाचा वाद होता. आपणच अधिकारी असल्याचे सांगून एका पक्षाने कारभार चालविण्यासाठी संरक्षण मागितले होते. जीविताला धोका असल्यास संरक्षण मागणे वेगळे आणि ज्या पदावरील हक्कच वादग्रस्त आहे, त्याचा उपभोग घेण्यासाठी ते मागणे वेगळे, असा भेद न्यायालयाने केला. दिवाणी न्यायालयाच्या हुकूमनाम्याने किंवा अन्य सक्षम अधिकाऱ्याने हक्क निश्चित केलेला नसेल, तर प्राधिलेखाच्या संक्षिप्त कार्यवाहीत तो ठरवू नये, हे या निर्णयाचे सार होय. वादग्रस्त हक्काच्या बाबतीत पक्षकाराने दिवाणी न्यायालयातून मनाई हुकूम मिळवावा. त्याचा भंग झाल्यास तेच न्यायालय भंग करणाऱ्याची मालमत्ता जप्त करू शकते, त्याला तीन महिन्यांपर्यंत दिवाणी तुरुंगात ठेवू शकते व आवश्यक तर पोलिसांचे साहाय्यही देऊ शकते.

परवाना हा अशा वादांत एक फसवा पुरावा असतो. तो देताना अधिकाऱ्याने जागेच्या मालकीची कसून चौकशी केलेली नसते. भाडेकरूच्या नावावरील परवाना भाडेपट्टा संपल्यावरही काही काळ चालू राहतो. म्हणून परवाना दाखविला की संरक्षण मिळालेच पाहिजे, असा नियम न्यायालयांनी कधीही मान्य केलेला नाही.

निदर्शनांचा हक्क : शांततापूर्ण निदर्शने भाषण व सभा या स्वातंत्र्यांत अंतर्भूत आहेत, हे कामेश्वर प्रसाद प्रकरणात (१९६२) मान्य झाले आहे; पण दुसऱ्याच्या मालकीच्या आवारात ती करण्याचा हक्क नाही, असे रेल्वे बोर्ड विरुद्ध निरंजन सिंग या प्रकरणात (१९६९) सांगितले गेले. या दोन निर्णयांच्या मधल्या जागेत पोलीस संरक्षणाचे बहुतेक आदेश बसतात. दारासमोर घोषणा देता येतात, दार अडविता येत नाही. कामगाराला संपात येण्याची विनंती करता येते, त्याचा हात धरून त्याला मागे ओढता येत नाही. कागदावर ही रेषा स्पष्ट दिसते. शंभर माणसे अरुंद रस्त्यावर मूकपणे उभी राहिली आणि त्यामुळे मालमोटार जाऊ शकली नाही, तर ते निदर्शन की अडवणूक, हे मात्र जागेवरील पोलीस अधिकाऱ्यालाच ठरवावे लागते.

पोलिसांची विवेकबुद्धी : न्यायालयाने पोलिसांच्या निर्णयात किती शिरावे, याबद्दल इंग्लंडमधील न्यायालये भारतातील न्यायालयांपेक्षा अधिक संकोची आहेत. एखादा कायदा मुळीच अंमलात आणावयाचा नाही असे धोरण पोलीस आयुक्ताने ठरविल्यास न्यायालय हस्तक्षेप करू शकते, असे १९६८ च्या ब्लॅकबर्न प्रकरणात अपील न्यायालयाने म्हटले. पण कोठे, केव्हा व किती शिपाई पाठवावयाचे, हे पोलीसप्रमुखानेच ठरवावयाचे असते. कॉर्नवॉलमधील लक्सुलियन येथे अणुवीज केंद्रासाठी जमिनीची पाहणी करणाऱ्या केंद्रीय वीजनिर्मिती मंडळाला १९८१ साली निदर्शकांनी अडविले. कोणी वेधनयंत्रापुढे आडवे पडले, तर कोणी खड्ड्यांत बसून राहिले. त्यांना हटविण्याचा अधिकार पोलिसांना आहे, असे अपील न्यायालयाने सांगितले. परंतु तसा आदेश देण्यास नकार दिला.

यापेक्षाही अवघड प्रश्न १९९५ साली जिवंत जनावरांच्या निर्यातीवरून उभा राहिला. प्राणिप्रेमी निदर्शकांमुळे काही बंदरांच्या व विमानतळांच्या चालकांनी ही वाहतूक बंद करण्याचे ठरविले, तेव्हा जमावाच्या दडपणाखाली कायदेशीर व्यापार नाकारणे म्हणजे कायद्याचे राज्य सोडून देणे होय, असे न्यायालयाने फटकारले. मात्र शोरहॅम बंदरात दररोज मोठा बंदोबस्त ठेवणे परवडत नाही म्हणून ससेक्सच्या पोलीसप्रमुखाने ठराविक दिवशीच तो पुरविण्याचे ठरविले, तेव्हा हाउस ऑफ लॉर्ड्सने १९९८ साली तो निर्णय वाजवी ठरविला. उर्वरित परगण्यातील नागरिकांनाही पोलिसांची गरज असते, हे त्यामागील कारण होते. भारतीय न्यायालयांपुढे मनुष्यबळाच्या टंचाईची सबब वारंवार मांडली जाते. तिला सहसा यश येत नाही.

चित्रपटांच्या प्रदर्शनाबाबत तर सर्वोच्च न्यायालयाने ही सबब ठामपणे फेटाळली आहे. प्रमाणपत्र मिळालेल्या चित्रपटाविरुद्ध निदर्शने व हिंसेच्या धमक्या आहेत म्हणून शासनाने असमर्थता दर्शविणे योग्य नाही, असे एस्. रंगराजन प्रकरणात (१९८९) म्हटले गेले. भोबिश्योतेर भूत हा बंगाली चित्रपट १५ फेब्रुवारी २०१९ रोजी प्रदर्शित झाल्यावर दुसऱ्याच दिवशी बहुतेक चित्रपटगृहांतून काढण्यात आला. त्या प्रकरणात एप्रिल २०१९ मध्ये न्यायालयाने पश्चिम बंगाल राज्यास वीस लाख रुपये भरपाई देण्याचा आदेश दिला. पोलीस संरक्षणाऐवजी भरपाई हा तेथे अधिक परिणामकारक उपाय ठरला. कारण अडथळ्याचा उगमच पोलिसांच्या अनौपचारिक सूचनेत असल्याचे दिसत होते.

आदेशाची अंमलबजावणी : आदेश न पाळणारा अधिकारी १९७१ च्या न्यायालय अवमान अधिनियमाखाली सहा महिन्यांपर्यंत साध्या कैदेस किंवा दोन हजार रुपयांपर्यंत दंडास किंवा दोन्ही शिक्षांस पात्र होतो. प्रत्यक्षात शिक्षेपर्यंत मजल क्वचितच जाते. अवमानाची नोटीस निघाली की बहुधा बंदोबस्त लागतो. तो लागूनही संरक्षण मिळतेच असे नाही. केरळमधील कोट्टयम जिल्ह्यात एका खाजगी बसमालकाची बस वेतनाच्या वादातून कामगार संघटनेने झेंडे लावून अडविली असता उच्च न्यायालयाने जून २०२३ मध्ये संरक्षणाचा आदेश दिला. त्यानंतर थोड्याच दिवसांत झेंडे काढू पाहणाऱ्या मालकाला पोलिसांच्या देखत मारहाण झाली आणि उच्च न्यायालयाने स्वतःहून अवमानाची कार्यवाही सुरू केली. पोलीस उपस्थित असणे आणि त्यांनी संरक्षण देणे, या दोन निराळ्या गोष्टी आहेत, हे या प्रसंगाने दाखवून दिले.

व्याप्तीच्या दृष्टीने सर्वांत मोठे प्रकरण विळिंजम् बंदराचे होय. तिरुवनंतपुरम्‌जवळील या बंदराचे काम डिसेंबर २०१५ मध्ये सुरू झाले. बांधकामामुळे किनाऱ्याची धूप वाढून घरे वाहून जात असल्याची मच्छीमारांची तक्रार होती. पुनर्वसन आणि बांधकाम थांबवून किनाऱ्याचा अभ्यास करणे, या त्यांच्या प्रमुख मागण्यांपैकी होत्या. लॅटिन कॅथलिक धर्मप्रांताच्या नेतृत्वाखाली ऑगस्ट २०२२ मध्ये बंदराच्या प्रवेशद्वारापाशी आंदोलन उभे राहिले व काम बंद पडले. बंदर उभारणारी अदानी समूहातील कंपनी व तिचे ठेकेदार यांच्या याचिकांवर उच्च न्यायालयाने १ सप्टेंबर रोजी संरक्षणाचा आदेश दिला. शांततापूर्ण आंदोलनाला मनाई नाही, पण प्रकल्पाच्या आवारात शिरू नये व ये-जा अडवू नये. राज्य पोलीस अपुरे पडल्यास केंद्रीय दलाचे साहाय्य घ्यावे, असे त्यात म्हटले होते. यानंतरही जवळजवळ तीन महिने मंडप जागेवर राहिला. स्त्रिया, मुले व धर्मगुरू यांच्यावर बळाचा वापर केल्यास मोठा अनर्थ होईल, ही अडचण राज्याच्या वतीने मांडण्यात आली; ती अगदीच निराधार नव्हती. २६ नोव्हेंबरला बांधकामाचे दगड घेऊन आलेल्या मालमोटारी अडविल्या गेल्या, दुसऱ्या दिवशी रात्री जमावाने विळिंजम् पोलीस ठाण्यावर हल्ला केला व अनेक पोलीस जखमी झाले. अखेरीस ६ डिसेंबर २०२२ रोजी राज्य शासनाशी झालेल्या वाटाघाटींनंतर आंदोलन मागे घेण्यात आले. बंदराचे औपचारिक उद्‌घाटन २ मे २०२५ रोजी झाले. मालमोटारींचा मार्ग मोकळा झाला तो शेवटी वाटाघाटींमुळे; किनाऱ्याच्या धुपीचा प्रश्न संरक्षण याचिकेच्या कक्षेबाहेरचाच होता.

महाराष्ट्रातील स्थिती : केरळच्या हमालविषयक कायद्याच्या आधी महाराष्ट्राने १९६९ साली माथाडी, हमाल व इतर श्रमजीवी कामगार अधिनियम केला होता. कारखान्यांतील अडवणुकीसंबंधी येथे एक वेगळा मार्गही उपलब्ध आहे. १९७१ च्या कामगार संघटना मान्यता व अनुचित कामगार प्रथा प्रतिबंध अधिनियमात घेराव, कामाची वेळ संपल्यावर आवारात ठाण मांडणे इ. कृत्ये संघटनांच्या अनुचित प्रथांत मोडतात व औद्योगिक न्यायालय त्यांविरुद्ध अंतरिम आदेश देऊ शकते. त्यामुळे कामगारविषयक तंटे येथे थेट उच्च न्यायालयात नेण्याची आवश्यकता कमी भासते. मद्याच्या दुकानांना होणाऱ्या विरोधालाही राज्यात कायदेशीर वाट करून देण्यात आली आहे. गावातील वा प्रभागातील मतदारांनी, विशेषतः महिलांनी, मतदानात विहित बहुमताने ‘आडवी बाटली’ या चिन्हाला कौल दिल्यास तेथील दुकानाचा परवाना बंद होतो. दुकानापुढे ठिय्या देणाऱ्या स्त्रियांना पोलिसांकरवी हटविण्यापेक्षा ही पद्धत सर्व पक्षांना अधिक न्याय देणारी आहे.

खर्च : गुन्हा रोखण्यासाठी आवश्यक असलेल्या बंदोबस्ताचा खर्च सामान्यतः शासनाने सोसावयाचा असतो. पोलिसांना आवश्यक वाटतो त्याहून अधिक बंदोबस्त कोणी मागितल्यास मात्र त्याचे मूल्य घेता येते. हे तत्त्व वेल्समधील एका कोळसाखाणीच्या प्रकरणातून, ग्लासब्रुक ब्रदर्स विरुद्ध ग्लॅमॉर्गन काउंटी काउन्सिल या खटल्यातून, आले. १९२१ च्या संपात फिरते पथक पुरेसे आहे असे पोलीस अधिकाऱ्याचे मत होते. व्यवस्थापकाने खाणीवरच मुक्कामी तुकडी हवी असा आग्रह धरला व पैसे देण्याचे लेखी कबूल केले. नंतर सुमारे २,२०० पौंडांचे देयक आले, तेव्हा संरक्षण देणे पोलिसांचे कर्तव्यच असल्याने पैसे मागता येत नाहीत, असा पवित्रा कंपनीने घेतला. हाउस ऑफ लॉर्ड्सने बहुमताने तो अमान्य केला. भारतात १८६१ च्या अधिनियमाच्या कलम १३ मध्ये अर्जदाराच्या खर्चाने जादा पोलीस नेमण्याची सोय होती. महाराष्ट्र पोलीस अधिनियमाच्या कलम ४७ मध्ये तशीच तरतूद असून कलम ४८ मोठी बांधकामे व कारखाने यांच्याकरिता जादा पोलीस नेमण्याविषयी आहे.